शेंडा नको, बूड बघा: गिरगावातल्या एका घरातल्या शिंगांचं प्रकरण

गिरगावातली एक जुनी चाळ पुनर्विकासासाठी रिकामी होत होती. तिथल्या एका दोन खोल्यांच्या बिऱ्हाडात सामान आवरताना शिंगांचे तीन नग निघाले. पहिला सगळ्यांच्या ओळखीचा, कारण तो वर्षानुवर्षं दारावरच्या भिंतीवरच होता: लाकडी पाटीवर बसवलेली, फाटे असलेली जोडी. दुसरा आजींच्या औषधाच्या डब्यात, वेखंड आणि मायफळाच्या शेजारी: वीतभर लांबीचा, एका टोकाला उगाळून झिजलेला तुकडा. तिसरा माळ्यावरच्या ट्रंकेत सापडला. काळं, पिळाचं, एकटंच शिंग.

तिन्हींबद्दल घरच्यांचं म्हणणं एकच होतं. आजोबा रेल्वेत होते, नोकरीची बरीच वर्षं सोलापूर आणि बल्लारशाला गेली. तिकडे रानात पडलेली शिंगं मिळाली, ती त्यांनी वेचून आणली. कुणी काही मारलेलं नाही.

आता नव्या भाड्याच्या घरात जागा नव्हती आणि शिंगांचं काय करायचं यावर घरात मतं फुटली होती. मुलाचं म्हणणं, चोरबाजारात कुणीतरी घेईल, निदान टेम्पोचं भाडं सुटेल. शेजाऱ्यांचा सल्ला, चौपाटीवर जाऊन समुद्रात सोडून द्या, उगाच झंझट नको. आजींना वाटत होतं की भिंतीवरची जोडी नव्या घरीही न्यावी, यजमानांची आठवण म्हणून. नात माझी जुनी विद्यार्थिनी. मी प्राणिशास्त्र शिकवते हे लक्षात ठेवून तिने फोटो पाठवले आणि विचारलं, "मॅडम, पडलेलं शिंग असेल तर घरी ठेवायला चालतं ना?"

या एका वाक्यात दोन वेगळे प्रश्न आहेत. हे शिंग खरंच पडलेलं आहे का, हा एक. पडलेलं असेल तर ते ठेवता येतं का, हा दुसरा. लोक पहिल्याचं उत्तर गृहीत धरतात आणि दुसऱ्याचंही. फोटो शेंड्यांचे होते, फाट्यांचे होते, सगळे समोरून काढलेले. ज्या भागावरून काही कळतं तो भाग एकाही फोटोत नव्हता, म्हणून मी त्यांच्या घरी गेले. जाण्याआधी एवढंच सांगितलं होतं की कशालाही तेल लावू नका, पॉलिश मारू नका, पाटीचे स्क्रू काढू नका.

प्राणिशास्त्रात हरणकुळातल्या नरांच्या डोक्यावर जे येतं त्याला अँटलर म्हणतात. चितळ, सांबर, बारशिंगा, भेकर ही मंडळी त्यात येतात. गाय, म्हैस, शेळी, गवा, नीलगाय, काळवीट, चिंकारा, चौसिंगा यांच्या डोक्यावर असतं ते शिंग. काळवीट आणि चिंकारा यांना आपण सर्रास हरिण म्हणतो, पण कूळ बघितलं तर ते चितळापेक्षा शेळीला आणि गाईला जवळचे. पुढे सगळीकडे मी अँटलर आणि शिंग हे दोन शब्द याच अर्थाने वापरणार आहे.

भिंतीवरची जोडी

जोडी चितळाची, याबद्दल शंका नव्हती. प्रत्येक बाजूला तीन टोकं: कपाळाजवळून जवळजवळ काटकोनात पुढे आलेला एक फाटा, मग मागे आणि वर वळत गेलेली लांब दांडी, आणि तिच्या शेवटी बेचकं. सांबरालाही सहसा तीनच टोकं असतात, पण सांबराची दांडी जाड, खडबडीत, आणि खालचा फाटा तिच्याशी अरुंद कोन करून उभा असतो. इथे दांड्या सडपातळ होत्या आणि आतल्या बाजूला झुकून पुन्हा वर गेल्या होत्या. घरातल्या धाकट्याने विचारलं, तीन टोकं म्हणजे तीन वर्षांचं का? नाही. चितळाचा नर एकदा पुरता वाढला की तीनावरच थांबतो, पुढे जाडी आणि लांबी बदलते. टोकं मोजून वय काढता येत नाही.

मग पाटी भिंतीवरून उतरवून पालथी केली. प्रत्येक अँटलरच्या बुडाशी हाडाचं दाणेदार कडं होतं, बोटाला टोचेल असं. कड्याच्या खाली अंगठ्याच्या पेरापेक्षा थोडा लांब खुंट, आणि दोन्ही खुंट खाली एका हाडाच्या तुकड्यात उतरलेले. हा तुकडा म्हणजे कवटीचा कपाळाकडचा भाग. मधोमध नागमोडी शिवण स्पष्ट दिसत होती, दोन कपाळास्थी जिथे जुळतात ती. तुकड्याच्या कडा सरळ होत्या आणि भिंगातून त्यांवर समांतर ओरखडे दिसत होते. हाड करवतीने कापलेलं होतं. दोन स्क्रू याच तुकड्यातून पाटीत गेले होते.

या प्रकरणातला सगळ्यात महत्त्वाचा पुरावा हाच. अँटलर गळतं तेव्हा ते कडं आणि खुंट यांच्या मधे सुटतं. खुंट हा कपाळाच्या हाडाचाच भाग आहे, तो हरणाच्या डोक्यावर राहतो आणि त्याच्यावरच पुढचं अँटलर उगवतं. खुंट हातात आला, त्यातही दोन्ही खुंट कवटीला जोडलेले आले, तर ते अँटलर गळलेलं असूच शकत नाही. प्राणी मेला तेव्हा ते त्याच्या डोक्यावर घट्ट होतं. शिवाय गळलेली दोन अँटलर्स जोडीने मिळणं तसं विरळाच. दोन्ही सहसा एकाच क्षणी पडत नाहीत, एक इथे पडतं तर दुसरं काही तासांनी किंवा दिवसांनी दुसरीकडे.

आजी ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, "आमच्या ह्यांनी कधी मुंगी मारली नाही, बाई."

मी त्यांना जे सांगितलं ते इथेही नीट लिहिते, कारण अशा वेळी तज्ज्ञ म्हणवणारी माणसं हाडाच्या तोंडी नको ते शब्द घालतात. हाड एवढंच सांगतं की हा नर अँटलरसकट मेला आणि नंतर कुणीतरी करवतीने कवटी कापली. तो वाघाने मारला, रानकुत्र्यांनी मारला, आजाराने मेला की गोळीने, हे या तुकड्यावरून ठरत नाही. गोळीची खूण नव्हती, पण ती मानेत किंवा छातीत असती तर कपाळावर दिसलीच नसती. कापणारे आजोबा होते की त्यांना कुणी तयार पाटी भेट दिली, की त्यांनी ती विकत घेतली, हेही हाडाला ठाऊक नाही. पाटीचं काम मात्र सफाईदार होतं. कडा गोल केलेल्या, मागे टांगायला पितळी कडी. घरी बसून केलेलं ते वाटत नव्हतं. त्या काळी अशा पाट्या बाजारात विकत मिळायच्या आणि दिवाणखान्यात लावायची पद्धतही होती. "आजोबांनी मारलं नाही" ही समजूत मोडायला माझ्याकडे काही आधार नव्हता. "रानात गळून पडलेलं उचललं" ही मात्र टिकत नव्हती.

जोडीतला आणखी एक बारकावा. डाव्या बाजूच्या बेचक्याचं एक टोक तुटलेलं होतं आणि तुटलेली कड झिजून गुळगुळीत झाली होती. म्हणजे ते जिवंतपणीच, बहुधा दुसऱ्या नराशी झुंजताना मोडलं आणि मग झाडांवर घासत राहिलं. तो नर जगला असता तर पुढच्या खेपेला त्याला नवं, अख्खं टोक आलं असतं.

दरवर्षी मरणारं हाड

यातली जीवशास्त्राची बाजू मला नेहमीच थक्क करते, म्हणून तिच्यावर थोडा जास्त वेळ घालवते.

अँटलर म्हणजे हाड. आतून बाहेरून हाडच. वाढत असताना त्याच्यावर मखमली लव असलेली कातडी असते, तिच्यात रक्तवाहिन्या आणि मज्जातंतू ठासून भरलेले असतात. हात लावला तर गरम लागतं, खरचटलं तर रक्त येतं आणि दुखतंही. वाढ टोकाकडे होते: टोकाशी आधी कूर्चा तयार होते आणि मागोमाग तिचं हाड बनतं. मोठ्या जातींत ही वाढ दिवसाला दोन सेंटीमीटरपर्यंत जाते. सस्तन प्राण्याच्या शरीरात इतक्या झपाट्याने वाढणारे अवयव फार थोडे. एवढं कॅल्शियम रोजच्या चाऱ्यातून पुरं पडत नाही, म्हणून शरीर ते स्वतःच्याच सांगाड्यातून, विशेषतः बरगड्यांतून, उसनं काढतं. त्या काळात बरगड्या खरोखर विरळ होतात आणि अँटलर पुरं झालं की पुन्हा भरून येतात. आपल्याकडे उतारवयात हाडं ठिसूळ झाली की ती भरून आणायला केवढा आटापिटा करावा लागतो. हरणाचा नर हे दर वर्षी करून दाखवतो.

मग रक्तातलं टेस्टोस्टेरॉन, म्हणजे नराचं संप्रेरक, चढतं. हाड घट्ट होतं, रक्तपुरवठा थांबतो, मखमल वाळून फाटते. नर ती झाडाझुडपांवर घासून उतरवतो आणि खालून कोरडं, कठीण, चकचकीत अँटलर निघतं. पृष्ठभागावर ज्या बारीक पन्हळी दिसतात त्या मखमलीतल्या रक्तवाहिन्यांच्या जागा. आजींच्या जोडीवर त्या भिंग न लावताही दिसत होत्या. झुंजीच्या हंगामात डोक्यावर जे असतं ते म्हणजे जिवंत खुंटावर उभं असलेलं मेलेलं हाड. हंगाम सरला की टेस्टोस्टेरॉन उतरतं, खुंट आणि अँटलर यांच्या सांध्यावर हाड खाणाऱ्या पेशी कामाला लागतात, सांधा पोखरला जातो आणि एक दिवस मान झटकताना किंवा फांदीला अडकून अँटलर पडतं. खुंटावर थोडं रक्त दिसतं, खपली धरते आणि त्याच जखमेखाली पुढच्या अँटलरची सुरुवात होते. नराचं खच्चीकरण केलं तर हे चक्र बिघडतं: तेव्हा अँटलर कठीण झालेलं असेल तर ते काही आठवड्यांत गळतं, आणि मखमलीत असेल तर मखमल कधी उतरतच नाही.

थंड प्रदेशातल्या हरणांत हे सगळं दिवसाच्या लांबीला बांधलेलं असतं, त्यामुळे कळपातले सगळे नर साधारण एकाच सुमारास अँटलर गाळतात. चितळाचं तसं नाही. एकाच दिवशी एकाच कळपात एक नर मखमलीत, दुसरा कठीण अँटलर घेऊन, तिसरा बोडका असं सहज दिसतं. भायखळ्याच्या राणीच्या बागेत किंवा बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात चितळं बघायला गेलात तर नर निवडून त्यांच्या डोक्यांकडे बघा, पाठीवरच्या ठिपक्यांत अडकू नका. याचा या प्रकरणाशी थेट संबंध आहे. नातीने विचारलं होतं की अँटलरवरून तो प्राणी कोणत्या महिन्यात मेला हे कळेल का. सांबर असतं तर, कठीण अँटलर आहे म्हणजे ढोबळमानाने हिवाळ्याच्या आगेमागे, असं काही म्हणता आलं असतं. चितळाबाबत नाही.

मादीला अँटलर नसतं. अपवाद उत्तर ध्रुवाकडच्या रेनडिअरचा, तिथे माद्यांनाही असतं आणि नरांचं गळून गेल्यावरही त्यांचं हिवाळाभर टिकतं.

औषधाच्या डब्यातला तुकडा

दुसरा नग आजींनी स्वतः माझ्या हातात दिला. हे सांबरशिंग. बऱ्याच मराठी घरांत ते असायचं. बरगडीत चमक भरली, मुका मार लागला की सहाणेवर पाण्यात उगाळून लेप. आयुर्वेदातलं शृंगभस्म तेही याचंच. औषध म्हणून त्याच्याबद्दल बोलायचा मला अधिकार नाही. सहाणेवर उतरतं ते काय, एवढं सांगू शकते: हाडाची बारीक पूड, म्हणजे कॅल्शियम फॉस्फेट आणि थोडं कोलॅजेन.

सुदैवाने आजी शेंड्याकडून उगाळत आल्या होत्या. बूड शाबूत होतं. ते बूड बघून मला बरं वाटलं हे कबूल करायला हवं, कारण पहिल्या नगानंतर खोलीत जरा जडपणा आला होता. कडं पूर्ण होतं, कड्याखाली खुंट नव्हता. तळ किंचित फुगीर आणि जाड रव्यासारखा खरखरीत, कुठेही करवतीचा मागमूस नाही. असा तळ आपोआप सुटलेल्या सांध्याचाच असतो. हे अँटलर गळलेलं होतं. ज्या सांबराचं होतं तो ते टाकून चालता झाला होता.

आणि एका बाजूला, कड्याच्या वर दोन बोटं अंतरावर, समांतर खोबण्यांचा एक पट्टा होता. आजींना वाटत होतं की लहानपणी मुलाने पेन्सिल कोरायच्या सुरीने केलेला उद्योग. सुरीचा घाव इंग्रजी व्हीसारखा टोकदार उतरतो. या खोबण्या सपाट तळाच्या, सारख्या रुंदीच्या, दोन-दोनच्या जोडीने होत्या. हे कुरतडणाऱ्या प्राण्याचे पुढचे दात. एवढी रुंदी म्हणजे बहुधा साळिंदर. रानात पडलेलं अँटलर वाया जात नाही. साळिंदर, उंदीर आणि कधीकधी हरणंही ते चघळतात, कारण जंगलात कॅल्शियम-फॉस्फरसचा एवढा तयार साठा सहज मिळत नाही. हा तुकडा काही काळ जंगलाच्या जमिनीवर पडून होता याचा याहून चांगला दाखला मिळाला नसता.

आजोबांनी रानातून अँटलर उचललं होतं ही आजींची आठवण, निदान या एका नगापुरती, तुकड्याशी जुळत होती. ते मी त्यांना तसंच सांगितलं.

उगाळलेल्या टोकाला आतला भागही दिसत होता. बाहेर घट्ट पांढुरकं हाड, आत जाळीदार. कुठेही पोकळी नाही. याच्या उलट तिसरा नग.

ट्रंकेतलं काळं शिंग

ते हातात घेताच हलकं लागलं. लांबी सरळ रेषेत मोजली तर ५५ सेंटीमीटर, तीन-चार पीळ, बुडापासून वरपर्यंत ठसठशीत वलयं, शेवटचा भाग गुळगुळीत आणि अणकुचीदार. काळवीट, नर. फाटा एकही नाही. फाटा नसणं हीच शिंगाची पहिली ओळख. चौसिंग्याला चार शिंगं असतात, पण तीही चार वेगळी, एकाचे चार फाटे नव्हेत. बूड डोळ्यासमोर धरलं तर आत अंधारी पोकळी. तळहातावर आपटल्यावर आतून पिवळट भुकटी पडली. बाहेरून बारीक भोकं. किडे लागले होते.

किडे लागणं हीसुद्धा ओळख आहे. शिंगाचं वरचं आवरण केराटिनचं, म्हणजे आपल्या नखांचं आणि केसांचं द्रव्य. लोकर आणि केस खाणारे किडे ते आवडीने खातात, अँटलरला ते तोंड लावत नाहीत. केराटिन तापवलं की मऊ पडतं, म्हणून म्हशीच्या शिंगाच्या फण्या आणि बटणं बनतात. अँटलर वाकत नाही, ते कोरावं लागतं, म्हणून त्याच्या सुऱ्यांच्या मुठी.

आवरणाच्या आत कवटीतून निघालेला हाडाचा गाभा असतो आणि तो आयुष्यभर जिवंत असतो. ज्यांच्या घरी बैल होते त्यांना हे वेगळं सांगायला नको. पोळ्याला शिंगं तासून रंगवतात तेव्हा बैल शांत उभा असतो, कारण वरचं आवरण निर्जीव. पण झुंजीत तेच आवरण उपसून आलं की रक्ताची धार लागते. भारतातल्या बैलांना शिंगाचा कर्करोग होतो तो याच आतल्या जिवंत भागातून. शिंग वाढतं बुडाकडून, त्यामुळे टोक सगळ्यात जुनं. अँटलरमध्ये हे बरोबर उलटं. थंड प्रदेशातल्या आयबेक्ससारख्या रानशेळ्यांत हिवाळ्यात वाढ थांबते आणि शिंगावर वर्षाची रेघ उमटते, तिथे वय मोजता येतं. काळविटाच्या वलयांवरून तसं मोजता येत नाही.

शिंग गळत नाही. मोडलं तर मोडलं, दुसरं येत नाही. उत्तर अमेरिकेतला प्राँगहॉर्न दरवर्षी वरचं आवरण टाकतो, पण आतला गाभा त्याच्याही डोक्यावर राहतो, आणि तो आपल्याकडे नाही. गेंड्याचं प्रकरण तिसरंच: आत गाभाच नाही, सगळं केराटिन.

मग आजींच्या ट्रंकेतलं पोकळ शिंग आलं कुठून? प्राणी मेल्यावर गाभा आणि आवरण यांच्यामधला थर कुजतो आणि आवरण म्यानासारखं ओढून काढता येतं. म्हणजे "पडलेलं काळविटाचं शिंग" ही वस्तूच नसते. जिवंत काळविटाच्या डोक्यावरून असं अख्खं आवरण आपोआप सुटून माळावर पडत नाही. हे शिंग मेलेल्या काळविटाचं. आजोबांना ते माळावर सांगाड्याशेजारी मिळालं असेल, हे अगदी शक्य आहे. सोलापूर आणि नगरच्या माळरानांवर काळवीट आजही आहेत, नान्नज आणि रेहेकुरीची अभयारण्यं त्याच भागातली. पण शक्य आहे आणि तसंच झालं यांत फरक आहे, आणि तो मी माझ्या टिपणांत तसाच ठेवला.

मग ठेवायचं का

नातीच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मात्र तिन्ही नगांना एकच होतं, आणि ते घरच्यांना आवडलं नाही.

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मधल्या ट्रॉफीच्या व्याख्येत अँटलर, शिंग, हाड, दात, नख हे सगळं नावानिशी येतं. गळलेलं म्हणून अँटलरला त्यातून सूट नाही. कायदा आला तेव्हा संरक्षित प्राण्यांच्या वस्तू आधीपासून ज्यांच्याकडे होत्या त्यांनी त्या जाहीर करायच्या होत्या आणि मालकीचा दाखला घ्यायचा होता. ज्यांचं राहून गेलं त्यांना २००३ च्या नियमांनी पुन्हा १८० दिवसांची मुदत दिली. या घरात दाखला नव्हता. मी दोनदा विचारलं, कारण कधीकधी तो रेशनकार्डाच्या जुन्या फाइलीत निघतो. दाखला असता तरी विकता आलं नसतंच. दाखल्याची वस्तू वारसाने मिळू शकते, पैशाने नाही. चोरबाजाराचा विचार तिथेच संपला. कलम ५७ प्रमाणे अशी वस्तू ज्याच्या ताब्यात सापडेल त्याचा ताबा बेकायदा धरला जातो आणि तो तसा नाही हे त्यालाच सिद्ध करावं लागतं. काळवीट कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वाधिक संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे, त्या अनुसूचीतल्या प्राण्याबाबतच्या गुन्ह्याला तीन ते सात वर्षांपर्यंत कैद आहे. आजोबांनी कुणाला मारलं की नाही हा प्रश्न इथे येतच नाही.

समुद्रात सोडायचा सल्ला मला सगळ्यात घातक वाटला. चौपाटीवर वाहून आलेलं काळविटाचं शिंग कुणाला तरी सापडणार, आणि मग चौकशी सापडणाऱ्याच्या मागे. कलम ३९ सांगतं की सरकारी मालमत्ता ठरणारी अशी वस्तू ज्याच्या हाती येईल त्याने ४८ तासांत जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा प्राधिकृत अधिकाऱ्याकडे कळवायचं. ट्रंक उघडून काळं शिंग हाती आल्यापासून ही मुदत चालू झाली होती, म्हणून मी निघण्यापूर्वीच अर्ज लिहायला बसवलं.

वेचून आणण्याबद्दल इथेच एक सांगते, कारण मुंबईत हा मोह दर पावसाळ्यात ट्रेकवाल्यांना होतो. कान्हेरीच्या वाटेवर अँटलर दिसलं तर त्याचा फोटो काढा आणि ते तिथेच राहू द्या. राष्ट्रीय उद्यानातून परवानगीशिवाय काहीही उचलून नेणं हा गुन्हा आहे, आणि आजींच्या तुकड्यावर ज्याने दात चालवले होते त्या साळिंदराच्या भाऊबंदांचा त्या कॅल्शियमवर आपल्यापेक्षा जास्त हक्क आहे.

काय झालं

अर्ज नातीने लिहिला, मुलाने सही केली, नात्यातल्या एका वकिलांनी तपासला. वस्तू कुठे, कशा, कधीपासून होत्या. आजोबांच्या नोकरीची गावं. दाखला नाही हे स्पष्ट शब्दांत. प्रत्येक नगाचे दोन फोटो, एक शेंड्याचा आणि एक बुडाचा. सोबत माझी ओळखीची टिपणं. दुसऱ्या दिवशी सकाळी तो वन विभागाच्या कार्यालयात दिला गेला आणि पोच घेतली.

आजींनी जोडी द्यायला खळखळ केली नाही. सांबराचा तुकडा द्यायला मात्र त्यांना जड गेलं. "हे तर ह्यांनी उचललेलंच होतं, तुम्हीच म्हणालात ना," असं त्या म्हणाल्या. म्हणालेच होते. पण उचललेलं आणि मारलेलं यांतला फरक आजींच्या मनासाठी होता, ताब्याच्या प्रश्नासाठी नव्हता. त्यांच्या नातीने त्या तुकड्याचे चारी बाजूंनी फोटो काढले, खोबण्यांचा अगदी जवळून, आणि ते आजोबांच्या फोटोंच्या अल्बममध्ये लावायचं ठरलं. फोटोला कायदा आड येत नाही.

वनकर्मचारी पंचनाम्याला आले तेव्हा मी तिथे होते. पहिल्या मसुद्यात "हरणाची शिंगे, नग ३" एवढीच नोंद झाली होती. मी विनंती केली की नोंद वेगवेगळी व्हावी, कारण काळविटाची अनुसूची आणि कवटीसकटची जोडी या दोन्ही गोष्टी त्या एका ओळीत हरवत होत्या. त्यांनी पाटी पालथी करून स्वतः बघितली, शिंगाच्या पोकळीत बोट घालून बघितलं, आणि नोंद बदलली:

"१. चितळ, नर. अँटलरची जोडी, खुंट व कवटीच्या कापलेल्या भागासह, लाकडी पाटीवर. डावे एक टोक तुटलेले. २. सांबर, नर. अँटलरचा बुडाकडील तुकडा, नैसर्गिकरीत्या गळालेला, कुरतडल्याच्या खुणा, शेंडा उगाळलेला. ३. काळवीट, नर. शिंगाचे आवरण, एक, गाभ्याविना, कीड लागलेले."

खाली मुलाची आणि दोन पंचांची सही झाली. पंचांपैकी एक समोरच्या खोलीतले शेजारी होते, समुद्रात सोडा म्हणणारे. सही करण्याआधी त्यांनी काळं शिंग उलटं धरून आत डोकावून बघितलं आणि विचारलं की गावी त्यांच्या गोठ्यावर टांगलेल्या शिंगांचं काय. ती बैलाची की आणखी कुणाची, हे बघून सांगते म्हणाले आहे. बुडाचे फोटो मागवले आहेत.